बिल्डरचं ते नियमित, आपलं ते अतिक्रमण?



मागच्या महिन्यात आमच्या पाड्यावर एका घरकुलाचं काम थांबवलं. घर आमच्या विधवा काकूचं. घरकुल मंजूर झालेलं, पहिला हप्ता खात्यात आलेला, पाया खणून त्यात दगड भरायचं काम चाललेलं. जागा तिच्या वनहक्क पट्ट्यातली. पट्ट्यावर तिचं आणि वारलेल्या काकाचं, दोघांचं नाव आहे. तरी गार्ड आला आणि म्हणाला, काम बंद करा. लेखी काही दिलं नाही, नुसतं तोंडी.

मग ग्रामसभा भरली. खात्याचे एक साहेब आले होते. आम्ही विचारलं, काम का बंद केलं? साहेबांनी मोबाईल वर करून दाखवला आणि म्हणाले, "हे बघा, सुप्रीम कोर्टाने सांगून टाकलंय. अनधिकृत बांधकाम कितीही जुनं असलं तरी नियमित होणार नाही. आता कोर्टाच्या पुढे आम्ही जायचं का?"

कोर्टाचं नाव निघालं की आपली माणसं गप्प बसतात. त्या दिवशी पण सगळे गप्प बसले. मी बारावी झालेली, संघटनेच्या शिबिरात कायदा शिकलेली, मी पण गप्प बसले. ते मला लागलं. म्हणून तो निकाल कशाचा आहे ते शोधलं, आपल्या वकील ताईंना विचारलं, आणि जे समजलं ते लिहिते आहे. पत्रिका वाचून झाली की ज्यांना वाचता येत नाही त्यांना वाचून दाखवा. उद्या तोच मोबाईल तुमच्या पाड्यावर पण दाखवतील.

तो निकाल कोणाचा?

निकाल खरा आहे. १७ डिसेंबर २०२४ चा. पण तो जंगलातल्या घराचा नाही. उत्तर प्रदेशात मेरठ शहर आहे, तिथे राहण्यासाठी दिलेल्या प्लॉटवर परवानगी न घेता दुकानं बांधली, त्याचा तो खटला. कोर्टाने सांगितलं की बांधकाम जुनं झालं, त्यात पैसा गुंतला, अधिकाऱ्यांनी कारवाई करायला उशीर केला, म्हणून बेकायदा बांधकाम कायदेशीर होत नाही. हे सगळं नगररचनेच्या कायद्याखाली आहे. त्यात वनहक्क कायदा बाजूला ठेवा असं कुठेच म्हटलेलं नाही. साहेबांनी शहराचा निकाल उचलला आणि पाड्यावर आणून आपटला.

आता कोणी म्हणेल, तो निकालच वाईट. मी तसं म्हणत नाही. शीळफाट्याला ४ एप्रिल २०१३ रोजी एक अनधिकृत बिल्डिंग पडली, त्यात ७४ माणसं मेली. वर काम चालू होतं आणि खाली मजूर बायका-पोरांसकट राहात होते. विरारला ऑगस्ट २०२५ मध्ये अनधिकृत बिल्डिंग पडली, त्यात १७ माणसं गेली. दिवाळी झाली की आपल्या तालुक्यांतून माणसं कुठे जातात? काही वीटभट्टीवर, काही विरार-नालासोपाऱ्याच्या नाक्यावर. माझ्या बा ने दहा वर्षं तिथे घमेली उचलली. बिल्डिंग अधिकृत आहे की अनधिकृत, हे नाक्यावर कोण विचारतो? हजेरी किती, एवढंच विचारतो. अशा बिल्डिंगला कोर्टाने आवर घातला तर आपलं काही बिघडत नाही. आपलीच माणसं वाचतील.

नालासोपाऱ्याला तर आपण डोळ्यांनी पाहिलं. कचऱ्यासाठी आणि सांडपाण्यासाठी राखून ठेवलेल्या जागेवर ४१ बिल्डिंगा उभ्या राहिल्या. २०२४ मध्ये हायकोर्टाने पाडायला सांगितल्या, आणि २०२५ च्या सुरुवातीला पाडून झाल्या. त्यात राहणारी माणसं गरीब होती. दागिने मोडून, कर्ज काढून खोली घेतलेली. ती भांड्याकुंड्यासकट रस्त्यावर आली. बांधणाऱ्याने पैसे आधीच घेतले होते. त्या लोकांची मला चीड नाही, वाईट वाटतं. माझी चीड वेगळ्या गोष्टीची आहे.

तारीख कोणाची सरकते?

चीड ही की सरकार कोर्टाचा कडकपणा आपल्यालाच सांगतं. बिल्डरच्या वेळी हेच सरकार काय करतं ते बघा.

उल्हासनगरमध्ये ८५५ बेकायदा इमारतींचं प्रकरण हायकोर्टात गेलं. पाडायची वेळ आली तेव्हा २००६ साली सरकारने त्या एका शहरासाठी वेगळा कायदा केला आणि बांधकामं नियमित करायची वाट काढली.

नवी मुंबईत दिघ्याला एमआयडीसी-सिडकोच्या जागेवर ९९ बेकायदा इमारती. हायकोर्टाने पाडा म्हटलं. सरकारने नियमित करायचं धोरण कोर्टापुढे ठेवलं. कोर्टाने ते मान्य केलं नाही. मग सरकारने २०१७ मध्ये नगररचना कायद्यातच ५२-अ हे नवीन कलम घातलं. ३१ डिसेंबर २०१५ पर्यंतची अनधिकृत बांधकामं पैसे भरून नियमित करता येतील असं त्यात आहे. त्यालाही कोर्टात आव्हान दिलं गेलं. २०१८ मध्ये हायकोर्टाने कलम ठेवलं, पण त्याखालच्या नियमांतल्या काही तरतुदी रद्द केल्या. म्हणजे कोर्ट दार लावतं आणि सरकार खिडकी शोधतं.

गुंठेवारीचं पण तसंच. २००१ चा कायदा, तारीख होती १ जानेवारी २००१. २०२१ मध्ये ती सरकवून ३१ डिसेंबर २०२० केली. एका झटक्यात वीस वर्षं! झोपडपट्टीची तारीख १९९५ वरून २००० आणि तिथून २०११ वर आली. ती गरिबांसाठी आली, चांगलं झालं. म्हणजे सरकारच्या मनात आलं की तारीख सरकते, एवढं नक्की.

आता आपली तारीख कोणती? १३ डिसेंबर २००५. त्या दिवशी जमीन कसत असाल, त्यावर राहात असाल, तरच दावा. आपल्या शेजारी राहणारे बिगरआदिवासी असतील तर त्यांनी त्याच्या आधीची ७५ वर्षं दाखवायची. शहरातल्या बिल्डिंगला २०१५, गुंठेवारीला २०२०, जंगलातल्या कुडाच्या घराला २००५. ही तारीख एक दिवसही सरकलेली नाही.

आणि ऐका. ती सरकवा अशी आपली मागणीच नाही. आपण फक्त एवढंच म्हणतो की जो कायदा झाला आहे तो लावा. तेवढंही होत नाही. आमच्या पाड्यावर दोन एकरचा दावा आणि पट्टा सात गुंठ्यांचा, अशी कितीतरी घरं आहेत. दावा का कापला याचं कारण आजपर्यंत कोणाला लेखी मिळालेलं नाही.

दंड त्यांनी भरला, दंड आपणही भरला

शहरात नियमित करायचं म्हणजे काय करतात? दंड भरायचा, प्रशमन शुल्क भरायचं, विकास शुल्क भरायचं. पावती मिळाली की पाप धुतलं.

माझ्या आज्याने पण दंड भरला आहे. दरवर्षी नांगर धरला की गार्ड यायचा. कधी कोंबडी, कधी पैसे, कधी पावती. आजीने त्या पावत्या पत्र्याच्या डब्यात ठेवलेल्या आहेत. एवढी वर्षं दंड भरून माझा आजा काय झाला? अतिक्रमणवाला. मरेपर्यंत अतिक्रमणवाला. पैशाने बिल्डरचं पाप धुतलं जातं आणि आदिवासीचं नाव चोर म्हणून पक्कं होतं, असा हा दंड.

आणखी एक गोष्ट सांगते, ती नीट लक्षात ठेवा. मुंबईत मुलुंडच्या बाजूला काही जमिनींवर सरकारने १९७५ च्या खाजगी वन कायद्याने हक्क सांगितला. नोटिसा निघालेल्या १९५६-५७ च्या आसपास. मधल्या काळात तिथे मोठमोठ्या बिल्डिंगा झाल्या. २००८ मध्ये हायकोर्टाने सरकारचं म्हणणं मान्य केलं. लोक सुप्रीम कोर्टात गेले, आणि ३० जानेवारी २०१४ ला निकाल त्यांच्या बाजूने लागला. इतकी वर्षं सरकार झोपून राहिलं, आणि आता उठून ही जमीन वन आहे म्हणतं, हे कोर्टाने चालू दिलं नाही. त्या बिल्डिंगांना महापालिकेच्या परवानग्या होत्या, हे खरं आहे. लोकांनी आयुष्याची कमाई त्यात घातली होती, हे पण खरं आहे. मला त्या निकालाचा राग नाही.

पण मग आपल्याला का नाही? त्याच १९७५ च्या कायद्याने ठाणे, पालघर, रायगडमधल्या कितीतरी आदिवासींच्या सातबाऱ्यावर वनाचा शिक्का बसला. एकसाली प्लॉट सरकारनेच दिले होते ना? पावती सरकारचीच होती ना? आपण पण आयुष्य घातलं. बांध घातले, दगड वेचले, खाचरं केली. पन्नास वर्षांनी जागं होणाऱ्या सरकारला मुलुंडमध्ये कोर्टाने विचारलं, आपल्या पाड्यावर कोण विचारणार?

आपणच चुकीचा शब्द लिहितो

आता जरा आपल्या माणसांवर रागावते. राग मानू नका.

गेल्या आठवड्यात मी आमच्या गावातले जुने अर्ज काढून वाचले. दहापैकी सात अर्जांत लिहिलेलं, "आमचे अतिक्रमण नियमित करून मिळावे ही विनंती." कोणी लिहून दिलं? तहसीलच्या बाहेर बसणाऱ्या अर्ज लिहिणाऱ्याने. आपण अंगठा दिला.

जुन्या लोकांचा यात दोष नाही. २७ डिसेंबर १९७८ चा सरकारी आदेश अतिक्रमण नियमित करण्याचाच होता. तेव्हा तेवढंच दार उघडं होतं. त्या दारातून शिरण्यासाठी डहाणू, जव्हार, तलासरीच्या माणसांनी मोर्चे काढले, तुरुंग पाहिला. संघटनेने सुप्रीम कोर्टापर्यंत जाऊन १९९५ मध्ये दाव्यांची नीट चौकशी करायचा आदेश मिळवला. त्यानंतर ३ मे २००२ ला दिल्लीहून जंगलातली अतिक्रमणं काढा म्हणून पत्र आलं आणि देशभर हत्ती-बुलडोझर लागले. तेव्हा आपल्याला कळलं की अतिक्रमण या शब्दाखाली उभं राहिलं की कधीही हाकलता येतं.

म्हणून २००६ चा कायदा वेगळा आहे. त्याच्या सुरुवातीलाच लिहिलं आहे की जंगलात राहणाऱ्यांवर ऐतिहासिक अन्याय झाला, त्यांचे हक्क नोंदवलेच गेले नाहीत. कायद्याचं नावच हक्कांची मान्यता असं आहे. नियमित करणं हा शब्द त्यात आपल्यासाठी नाही.

फरक समजून घ्या. नियमित करणं म्हणजे आधी चूक झाली, आता माफ केली. माफी द्यायची की नाही हे देणाऱ्याच्या हातात. मान्यता म्हणजे हक्क आधीपासून होताच, सरकारने लिहिला नव्हता, तो आता लिहायचा. आमचा वाघदेवाचा दगड जंगलखातं येण्याच्या आधीपासून तिथे आहे. इंग्रजांचा जंगल कायदा १८७८ चा, नंतरचा १९२७ चा. शहरात आधी कायदा होता आणि तो मोडून बिल्डिंग आली. इथे आधी पाडा होता आणि त्याच्यावर कायदा आला.

म्हणून नालासोपाऱ्यात जे घर गुन्हा ठरतं, तेच इथे पुरावा ठरतं. हे मी माझ्या मनाचं सांगत नाही. वनहक्क नियम १३ मध्ये पुराव्यांची यादी आहे. घर, झोपडी, बांध, सपाट केलेली जमीन, जुनी विहीर, मसणवट, देवाची जागा, वडीलधाऱ्यांचा जबाब, सगळं त्यात आहे. आजीच्या डब्यातली दंडाची पावती पण सरकारी कागदच आहे. त्यांनी चोर ठरवायला दिलेला कागद आपण कसत होतो याची साक्ष देतो. ती पावती उंदराला खाऊ देऊ नका.

पण तुमचे लोक जमिनी विकतात, असं साहेब म्हणतात

हे पण बोललं पाहिजे. लपवून उपयोग नाही. आपल्यातल्या काहींनी वनपट्ट्याची जागा स्टॅम्प पेपरवर लिहून बाहेरच्या माणसाला दिली आहे. रस्त्याकडेच्या पट्ट्यावर फार्महाऊस आणि ढाबे उभे राहायला लागले आहेत. वनहक्काची जमीन वारसाला जाते, विकता येत नाही. आदिवासीची सातबाऱ्याची जमीन पण परवानगीशिवाय बिगरआदिवासीला जात नाही, महसूल कायद्यात ३६-अ आहे. तरी शहराच्या कडेला आदिवासींच्या जमिनींचं काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. आधी स्टॅम्प पेपर, मग चाळ, मग नियमित करायचा अर्ज. आणि जमिनीचा मूळ मालक त्याच चाळीत भाड्याने, नाहीतर नाक्यावर उभा.

तसलं बांधकाम अनधिकृतच आहे आणि ते थांबवलंच पाहिजे. गार्डच्या आधी ग्रामसभेने थांबवलं पाहिजे. आपण ते झाकून ठेवलं तर काकूच्या घरकुलावर बोट दाखवायला साहेबांना मोकळं रान मिळतं. ज्याने अशी जागा दिली आहे त्याने पुढच्या बैठकीत येऊन सांगावं. संघटना त्याला एकटं सोडणार नाही, पण त्याच्यासाठी खोटंही बोलणार नाही.

मग करायचं काय?

एक. कोणीही काम बंद करा म्हटलं तर शांतपणे सांगा, लेखी द्या. कोणत्या कायद्याचं कोणतं कलम, खाली सही आणि तारीख. बहुतेक वेळा कागद येत नाही. आला तर तो घेऊन संघटनेकडे या.

दोन. दावा अजून निकाली निघाला नसेल तर कलम ४ पोटकलम ५ पाठ करा. पडताळणी पूर्ण होईपर्यंत कोणालाही जमिनीवरून काढता येत नाही. १३ फेब्रुवारी २०१९ ला सुप्रीम कोर्टाने दावे फेटाळलेल्यांना काढायला सांगितलं होतं. देशभरातले ११ लाखांहून जास्त दावे त्यात येत होते. आपण सगळे रस्त्यावर आलो आणि २८ फेब्रुवारीला कोर्टानेच त्याला स्थगिती दिली. दावे कसे फेटाळले, ग्रामसभेला विचारलं का, हे राज्यांना सांगावं लागलं. कोर्ट ऐकतं, पण आपण बोललो तर.

तीन. पट्टा मिळाला असेल तर कलम ३ मधला पहिलाच हक्क राहण्यासाठी आणि कसण्यासाठी असा आहे. राहणं म्हणजे झाडाखाली राहणं नाही. सरकारी योजना पट्टेधारकांपर्यंत न्यायच्या, असं नियम १६ सांगतो. शिवाय २३ सप्टेंबर २०२० ला राज्यपालांनी पाचव्या अनुसूचीतल्या अधिकाराने वनहक्क कायद्यात बदल केला. अनुसूचित क्षेत्रातल्या वननिवासी कुटुंबांना घरासाठी गावालगतची वनजमीन मिळावी म्हणूनच तो केला. ही अधिसूचना प्रत्येक ग्रामसभेच्या फाईलमध्ये पाहिजे. प्रत संघटनेकडे मिळेल.

चार. दावा कापला किंवा फेटाळला असेल तर कारण लेखी मागा. ६० दिवसांत अपील करायचं असतं. सॅटेलाईटच्या फोटोत दिसत नाही एवढं एकच कारण चालत नाही. फोटो बाकीच्या पुराव्याला जोड म्हणून आहे, त्याच्या जागी नाही, असं नियम १२-अ मध्ये आहे.

पाच. यापुढे एकाही अर्जात "अतिक्रमण नियमित करावे" लिहायचं नाही. "आमच्या वनहक्काला मान्यता द्यावी" असं लिहा. अर्ज लिहिणारा दुसरं काही लिहायला लागला तर अंगठा देऊ नका. अर्ज घेऊन परत या, आम्ही पोरं-पोरी लिहून देऊ.

काकूचा पाया

काकूच्या पायातले दगड अजून तसेच आहेत. पावसाला दोन महिने आहेत. त्याच्या आत भिंती उभ्या राहिल्या नाहीत तर पाया पाण्याने भरेल, आणि घरकुलाचा पुढचा हप्ता काम दाखवल्याशिवाय येत नाही. कारवीच्या जुन्या कुडाला वाळवी लागली आहे. काकू म्हणते, "मी कोणाची जागा घेतली ते तरी सांगा. इथेच नांदायला आले, इथेच पोरं झाली."

ज्या सरकारने ३१ डिसेंबर २०१५ पर्यंतच्या टोलेजंग बिल्डिंगांसाठी कायदा बदलला, त्याने आपल्या पट्टेदार बाईच्या दोन खोल्यांसाठी आधीच झालेला कायदा वाचावा, एवढीच मागणी आहे. वाचत नसतील तर आपण वाचून दाखवू.

येत्या ग्रामसभेला आमच्या पाड्यावर या. पट्टा असलेल्यांनी पट्टा आणा, दावा टाकलेल्यांनी पोच आणा, म्हाताऱ्या माणसांनी दंडाच्या पावत्या आणा. ठराव करू, त्याच दिवशी सगळे मिळून प्रांत ऑफिसला नेऊन देऊ आणि पोच घेऊ. दुसऱ्या दिवशी सकाळी काकूच्या पायात दगड भरायला सुरुवात करू. येताना घमेलं घेऊन या. आपण आजपर्यंत दुसऱ्यांच्या पुष्कळ बिल्डिंगा बांधल्या, आता एक घर आपलं बांधू.

जिंदाबाद!

— पाड्यावरची एक कार्यकर्ती